तारणाला न चालणारी जमीन

भाच्याने फिनिक्सहून फोटो पाठवले होते. जोडून सुट्ट्या आल्या म्हणून मंडळी मॉन्युमेंट व्हॅली बघायला गेली होती. लालभडक मातीचे सुळके, निळंशार आकाश, भाचेसुनेची नवी टोपी, नातवाने प्रत्येक फोटोत बाहेर काढलेली जीभ. ताईने ते फोटो आधी एकटीने पाहिले, मग मला दाखवले, मग टीव्हीला जोडून अख्ख्या भिशीला दाखवले. त्यातल्या एका फोटोत नातू केयेंटा नावाच्या गावी पेट्रोल पंपावर आइस्क्रीम धरून उभा आहे आणि त्याच्या मागे, अगदी कोपऱ्यात, एक जुनी पिकअप आहे. मागच्या हौद्यात पांढरी प्लास्टिकची चौकोनी टाकी, आणि टाकीच्या तोंडात पाइप धरून उभी असलेली एक म्हातारी. डोक्याला रुमाल, लांब घागरा, एक हात कमरेवर, नजर पाण्याच्या पातळीवर. भिशीतल्या कुणाचं तिकडे लक्ष गेलं नाही. जायचं कारणही नव्हतं. माझं गेलं, आणि मग ते तिथून हलेना. रविवारी फोनवर मी भाच्याला विचारलं तर म्हणाला, "अगं मावशी, ते नावाहो लोक, इथले मूळ रहिवासी. त्यांच्यातल्या बऱ्याच जणांकडे घरी नळच नाहीत, पाणी असं लांबून भरून न्यावं लागतं." आणि लगेच तिथल्या हॉटेलवाल्यांनी कसं लुटलं ते सांगायला लागला.

कमरेवर हात ठेवून हंडा भरायची वाट बघणारी बाई मी फार वेळा पाहिली आहे. पण ती सुरगाण्याला.

बँकेतल्या नोकरीत माझी सुरगाण्याला बदली झाली तेव्हा सहकाऱ्यांनी सांत्वन केलं होतं. ऑर्डर रद्द करायला कुणाकडून फोन करवून घ्यायचा, तेही एकाने सांगितलं. मी गेले. तो रस्ता मला आजही डोळे मिटून सांगता येईल. नाशिक सोडलं की दिंडोरीपर्यंत दोन्ही बाजूंना द्राक्षांचे मांडव, वायनरीच्या पाट्या, बंगल्यांच्या गच्चीवर सोलर. वणीला देवीचे भक्त उतरतात. पुढे एसटी अर्धी रिकामी होते आणि खिडकीतून येणारा वास बदलतो. फवारणीच्या औषधांचा उग्र वास मागे पडतो आणि ओला पालापाचोळा, शेणकुटाचा धूर असं काहीतरी नाकात शिरतं. बोरगावला एक फाटा सापुताऱ्याकडे जातो, तिकडे टुरिस्ट गाड्या वळतात. आपण सुरगाण्याकडे. एकच जिल्हा, एकच कलेक्टर, एकच पालकमंत्री. तिकिटाच्या पैशात मोजलं तर अंतर काहीच नाही.

पावसाळ्यात तिथे पाऊस पडतो म्हणजे काय, हे नाशिककराला सांगून कळत नाही. वर्षाला दोन हजार मिलिमीटरच्या आसपास. तिकडे येवला-सिन्नरला पाचशेच्या आसपास पडला तरी लोक ग्रामदेवतेला नारळ फोडतात. सुरगाण्यात लेजरची पानं लिबलिबीत व्हायची, शिक्क्याची शाई फुटायची, नोटा एकमेकींना चिकटायच्या. त्यातल्या कित्येक नोटा आपल्याच नाशिकरोडच्या प्रेसमध्ये छापलेल्या असणार, पण सुरगाण्याच्या काउंटरवर येईपर्यंत त्यांची कापडं झालेली असायची. आणि ह्याच गावांमध्ये एप्रिल-मेमध्ये बायका विहिरीत उतरायच्या. खडक काळा, उतार पश्चिमेला. नार, पार, दमणगंगा सगळ्या वाहून जातात गुजरातेत आणि तिथून समुद्रात. माझी खोली झाडायला जी बाई यायची, ती पहाटे तीनला विहिरीवर जाऊन नंबर लावून यायची. एकीने खाली उतरायचं, कपारीत पाझरून साठलेलं पाणी वाटीने कळशीत भरायचं, वरच्या दोघींनी ओढायचं. तिच्या दोन्ही तळव्यांवर, बोटांच्या मुळाशी, दोराचे घट्टे होते. नागलीची भाकरी थापायची तेव्हा ते घट्टे भाकरीवर उमटायचे. मी खाल्ली आहे ती भाकरी, तिच्या चुलीपुढे बसून, वर खुरासणीची चटणी. चव अजून जिभेवर आहे. नाशिकच्या मॉलमध्ये आता नागलीची बिस्किटं मिळतात, त्यांना काही ती चव नाही.

तर फोटोतली म्हातारी. मी रात्री मोबाइलवर वाचत बसले. झोप नाहीतरी लागत नाही ह्या वयात. अ‍ॅरिझोना, न्यू मेक्सिको आणि उटा ह्या तीन राज्यांत पसरलेला नावाहोंचा मुलूख आहे, आपल्या कित्येक जिल्ह्यांएवढा. तिथल्या जवळजवळ तिसऱ्या हिश्श्याच्या घरांमध्ये नळाला पाणी नाही. शेजारून कोलोरॅडो नदी वाहते. त्या जमिनीखाली कोळसा होता आणि युरेनियम होतं. युरेनियमच्या पाचशेहून जास्त सोडून दिलेल्या खाणी आजही तिथे आहेत आणि काही विहिरींचं पाणी त्यामुळे पिण्यालायक राहिलेलं नाही. कोळसा केयेंटाच्याच खाणीतून निघायचा आणि पेज गावाजवळच्या मोठ्या वीज केंद्रात जळायचा. २०१९ मध्ये ते केंद्र बंद झालं. त्या विजेचं मोठं काम काय होतं? कोलोरॅडोचं पाणी उपसून पाचशेचाळीस किलोमीटर लांबीच्या कालव्यातून फिनिक्स आणि टुसॉनला चढवायचं. वीज केंद्र नावाहोंच्या जमिनीवर, कोळसा त्यांच्या जमिनीतला, धूर त्यांच्या आकाशात, आणि त्यांच्यातल्या हजारो घरांत ना दिवा ना नळ. दुसऱ्या टोकाला आमच्या भाच्याच्या अंगणात छोटा स्विमिंग पूल आहे. ताईला त्या पूलचं फार कौतुक.

बरं, हे नुसतं लुटालुटीचं आहे म्हणून सोडून द्यावं तर तसंही नाही. त्या खाणीत आणि वीज केंद्रात शेकडो नावाहो कामाला होते, चांगला पगार मिळायचा, पोरं शिकली त्या पगारावर. बंद झालं तेव्हा पर्यावरणवाले खूष झाले आणि कामगारांच्या घरची चूल विझायची पाळी आली. २०२३ मध्ये नावाहोंचा पाण्याचा दावा अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात गेला. १८६८ च्या तहात सरकारने आम्हाला ही जमीन राहायला दिली, तर तिथे राहायला लागणारं पाणी मिळवून देणंही सरकारचंच काम, असं त्यांचं म्हणणं. न्यायालयाने पाच विरुद्ध चार मतांनी सांगितलं, तहात तसं काही लिहिलेलं नाही.

आता आपल्याकडे बघा. मुंबईला जे पाणी जातं त्यातलं बरंचसं वैतरणेचं. वरच्या वैतरणेचं धरण आपल्या इगतपुरी तालुक्यात. धरणाच्या आसपासच्या वाड्या-पाड्यांना उन्हाळ्यात टँकर लागतात, ही बातमी दरवर्षी मे महिन्यात आतल्या पानावर येते, हंड्यांच्या रांगेच्या फोटोसकट. फोटो जुनाच वापरला तरी कळणार नाही कुणाला.

मागास भागांत 'विकास अजून पोचला नाही' असं भाषणांमध्ये म्हणतात, ते मला म्हणूनच पटत नाही. पोचतो की. रस्ता पोचतो, धरण पोचतं, विजेचे उंच मनोरे डोंगर ओलांडून जातात. फक्त त्यावरून वाहतूक एकाच बाजूला होते. पाणी खाली जातं, माणसं कामाला खाली जातात, साग जायचा तोही खाली. वर काय येतं? टँकर, आश्रमशाळेचं धान्य, आणि माझ्यासारखे, ज्यांची बदली रद्द होऊ शकली नाही असे कर्मचारी.

भिशीमध्ये मी एकदा हा विषय काढून पाहिला. अमेरिकेत गरीब कुणाला म्हणतात माहितीय का, चार माणसांच्या कुटुंबाचं वर्षाचं उत्पन्न ३१ हजार २०० डॉलरच्या आत असेल तर, असं २०२४ चं सरकारी माप मी सांगितलं. कुणीतरी चटकन रुपयांत हिशेब केला. पंचवीस-सव्वीस लाख! जो हशा पिकला म्हणता! "मग मला गरीब म्हणून नेऊन सोडा तिकडे," एक जण म्हणाली. मीही हसले. पण ह्या मापाची गंमत मला बँकेतल्या माणसाची म्हणून कळते. १९६३-६४ च्या सुमाराला मॉली ऑर्शान्स्की नावाच्या बाईंनी ते काढलं, तिथल्या सामाजिक सुरक्षा खात्यात काम करायच्या. काटकसरीने खायचं म्हटलं तर कुटुंबाला किती खर्च येईल ते घेतलं आणि त्याला तीनने गुणलं, कारण तेव्हा घरखर्चाचा साधारण तिसरा हिस्सा खाण्यावर जायचा. त्यानंतर महागाई धरून आकडा वाढवत नेला, गणित तेच ठेवलं. आता घरभाडं, डॉक्टर, पाळणाघर ह्यांनी खाण्याला कुठल्या कुठे मागे टाकलं. शिवाय अलास्का आणि हवाई सोडले तर सगळ्या देशाला हा आकडा एकच. न्यूयॉर्कमधल्या खोलीलाही तोच आणि मिसिसिपीतल्या खेड्यालाही तोच.

आपल्या रेशनकार्डाचं काय वेगळं आहे? अन्नसुरक्षेच्या यादीत यायला आपल्या राज्यात खेड्यात वर्षाला ४४ हजार, शहरात ५९ हजार. म्हणजे शहरातल्या माणसाचं जगणं खेड्यातल्यापेक्षा वर्षाला पंधरा हजारांनी महाग, असं कुणीतरी टेबलाशी बसून ठरवलेलं. पंचवटीतल्या एका पत्र्याच्या खोलीचं भाडं तरी भरून दाखवा त्या पंधरा हजारांत, वर्षाचं.

नोकरीत फिरल्यामुळे मला एक सवय लागली आहे, गावाची गरिबी काउंटरवरून ओळखायची. मालेगावला होते तेव्हा आठवड्याचा हिशेब. शुक्रवारी लूम बंद, त्याच्या आधी हातात मजुरी. पैसा खेळता, पण पुरता आठवडाभरच. बारा-बारा तासांची पाळी करून आलेली पोरं खात्यात शंभर-दोनशे टाकायची आणि चार दिवसांनी काढायला यायची. भुवयांवर कापसाचे तंतू, कान लूमच्या खडखडाटाने गेलेले, त्यामुळे काउंटरवर सगळे ओरडूनच बोलायचे. नवख्याला वाटावं भांडताहेत. त्यांना जमीन नव्हती, डोंगर नव्हता, पाऊस आला काय नि नाही काय. जागा नव्हती, एका खोलीत दोन पाळ्यांनी झोपायचे. तिथून निफाडला गेले तर तिथे वर्षाचा हिशेब. एकरी काही लाखांचा खर्च, छाटणीपासून घडात पाणी उतरेपर्यंत जीव टांगणीला. बाहेर बंगला, दारात गाडी, आणि फाइल उघडली की थकबाकी. त्या माणसाला गरीब म्हटलं तर तो अंगावर येईल, आणि बरोबरच आहे त्याचं. पण एखाद्या अवकाळीच्या रात्रीनंतर सकाळी बँकेच्या पायरीवर येऊन बसलेले असे बंगलेवाले मी पाहिले आहेत. सातपूर-अंबडच्या कंत्राटी कामगाराचा हिशेब महिन्याचा, पगार आला की हप्ते कापले जायचे आणि दहा तारखेला बॅलन्स पुन्हा किमान शिलकीच्या खाली.

सुरगाण्याला हिशेबच नव्हता. म्हणजे रोख जवळजवळ नसायची. नागली, वरई, भात घरचं. मीठ, तेल, कपडा, दवाखाना एवढ्यासाठीच पैसा लागायचा आणि नेमका तेवढाच नसायचा.

अमेरिकेच्या गरिबीतही मला ह्याच जाती दिसायला लागल्या. १९६४ मध्ये अध्यक्ष जॉन्सन यांनी गरिबीविरुद्ध युद्ध पुकारलं आणि केंटकीमधल्या आइनेझ गावच्या एका बेकार माणसाच्या घराच्या ओसरीत बसून फोटो काढून घेतले. तो माणूस गोरा होता, मुलूख कोळशाच्या खाणींचा. खाणमालक बाहेरचे, कोळसा बाहेर, खाली उरलेल्या डोंगरावर माणसं. तो भाग अजूनही गरीबच आहे. मिसिसिपीच्या काठच्या कापसाच्या मुलखात गरीब म्हणजे बहुतेक काळा. आजा-पणजा मळ्यावर गुलाम, मग वाटेकरी, मग यंत्र आलं आणि मळ्याला माणूसच नको झाला. सगळ्या देशाचं म्हणाल तर २०२३ च्या सरकारी मोजणीत ११.१ टक्के गरीब, पण गोऱ्यांमध्ये साधारण तेरातला एक आणि मूळ अमेरिकन इंडियनांमध्ये पाचातला एक. आपण भारतीय मात्र तिथे कमाईत सगळ्यांच्या वर. ताई हे अभिमानाने सांगते, आणि का सांगू नये? पण तिचा मुलगा गेला तो इंजिनिअरिंगची डिग्री, कंपनीचा व्हिसा आणि वडिलांनी गंगापूर रोडचा प्लॉट गहाण टाकून काढलेलं कर्ज घेऊन.

प्लॉट गहाण टाकता आला, हे महत्त्वाचं.

सुरगाण्याच्या काउंटरवर एक म्हातारबाबा यायचे. कोकणा समाजाचे. पिशवीत पिशवी, तिच्यात आणखी एक पिशवी, आणि सगळ्यांत आत कागद. वनहक्काचा दाखला आणि सातबारा. आजोबांच्या काळापासून कसत आलेली डोंगरउतारावरची जमीन, २००६ च्या कायद्यानंतर कुठे तिचा कागद हाती आलेला. त्यांना विहीर खोल करून वर मोटर बसवायची होती आणि खाली थोडी स्ट्रॉबेरी लावायची होती. बोरगावकडच्या लोकांनी लावलेली त्यांनी पाहिली होती. मी सातबारा वाचला. मालकाच्या जागी वनविभाग. बाबांचं नाव खाली, इतर हक्कात. कसायची मुभा आहे, पोरांना वारशाने जाईल, पण विकता येणार नाही, दुसऱ्याच्या नावे करता येणार नाही. "बाई, जमीन माझी हाय का नाय, तेवढं सांगा," ते म्हणाले. मी साहेबांकडे घेऊन गेले. साहेब वाईट माणूस नव्हते. पीककर्जाचं बघू म्हणाले, पण विहिरीसाठी मोठी रक्कम हवी तर तारण लागेल. बाबा बाहेर गेल्यावर मला म्हणाले, "मॅडम, उद्या थकलं तर लिलाव कशाचा करू? वनखात्याच्या जमिनीचा?" बाबांची आणखी एक पट्टी होती, ती स्वतःच्या नावावर होती. पण आदिवासीची जमीन बिगरआदिवासीला द्यायची तर सरकारची परवानगी लागते. तिचा बाजारभाव बँकेच्या लेखी जवळजवळ शून्य. तेव्हा मला त्या कायद्याचा राग आला होता. ज्याचं रक्षण करायचं म्हणून नियम केला त्यालाच कर्ज मिळत नाही, हे कसलं रक्षण?

नावाहोंची गोष्ट वाचताना हा राग मला पुन्हा आठवला, कारण तिथेही हेच. जमीन टोळीच्या नावे, पण कायदेशीर मालकी केंद्र सरकारने विश्वस्त म्हणून धरलेली. घर बांधायला साधं कर्ज काढायचं तर वॉशिंग्टनच्या खात्याची मंजुरी. मग ती जमीन मोकळी का करत नाहीत? तर तो प्रयोगही झालेला आहे. १८८७ मध्ये तिथे कायदा आला: टोळ्यांची सामायिक जमीन फोडा, एकेकाला तुकडा द्या, काही वर्षांनी त्याला विकता येईल असं करा, म्हणजे तो इतरांसारखा शेतकरी होईल. १९३४ मध्ये तो प्रकार थांबला तेव्हा सगळ्या टोळ्यांची मिळून १३ कोटी ८० लाख एकरांची जमीन ४ कोटी ८० लाख एकरांवर आली होती. कराच्या थकबाकीत गेली, कर्जात गेली, कवडीमोलाने गेली, आणि वाटून 'उरलेली' म्हणून सरकारने काढून घेतली ती वेगळीच. नावाहोंचा बराचसा मुलूख त्या कायद्याच्या तडाख्यातून वाचला, म्हणून आज निदान मुलूख तरी आहे.

त्र्यंबक, इगतपुरीकडे गेल्यावर मला हे आकडे दिसतात. धरणाच्या पाण्याकडे तोंड करून बांधलेली फार्महाऊसं, 'लेक व्ह्यू' म्हणून पाट्या. आदिवासींच्या जमिनीवरचा तो नियम उद्या उठला तर बाबांना मोटरचं कर्ज मिळेल आणि दहा-पंधरा वर्षांत त्यांच्या बांधावर कुणीतरी पुणे-मुंबईचा माणूस वीकेंडला कबाब भाजत बसेल. नियम राहिला तर जमीन राहील आणि बाबांची सून पहाटे तीनला विहिरीवर जात राहील. ह्यातलं बरं कुठलं, हे मला आजही ठरवता येत नाही. साहेबांनाही आलं नसतं. सरकारने स्वतः हमी घेऊन असं कर्ज द्यावं, एवढं मात्र मला अगदी स्वच्छ वाटतं. उद्योगपतींच्या कर्जाला हमी देताना कुणाचा हात थरथरत नाही.

२०१८ च्या मार्चमध्ये नाशिकहून शेतकऱ्यांचा मोर्चा पायी मुंबईला गेला तेव्हा त्यात सुरगाणा, पेठ, दिंडोरीची माणसं हजारोंनी होती. सीबीएसच्या चौकात मी बघायला गेले होते. लाल टोप्या, लाल झेंडे, बायकांच्या डोक्यावर शिध्याची गाठोडी. मुंबईत पोचेपर्यंत सोललेल्या तळव्यांचे फोटो सगळ्या पेपरांत आले आणि मुंबईकरांनी त्यांना पाणी, बिस्किटं, चपला दिल्या. मागणी काय, तर वनजमिनीचे दावे निकाली काढा. पुढे २०२२ च्या शेवटी सुरगाण्याच्या सीमेवरच्या गावांनी आणखीच वेगळी मागणी केली: आम्हाला गुजरातमध्ये टाका. पलीकडे रस्ता आहे, दवाखाना आहे, वीज टिकते. नाशकात दोन दिवस चर्चा झाली, कुणाला अस्मितेचा प्रश्न वाटला, कुणाला राजकारणाचा वास आला. मला तर नवल वाटलं नव्हतं. अडलेली बाळंतीण गुजरातेतल्या धरमपूरला न्यायची की नाशिकला, हे तिथली माणसं फार पूर्वीपासून रस्ता बघून ठरवत आली आहेत.

निफाडला आपल्याकडे 'महाराष्ट्राचा कॅलिफोर्निया' म्हणतात. ह्या नावाचं मला अलीकडे हसू येतं, कारण घरभाडं वगैरे धरून अमेरिकेत गरिबी मोजतात त्या दुसऱ्या यादीत कॅलिफोर्निया अगदी वरच्या राज्यांमध्ये असतो. एवढं श्रीमंत राज्य! तिथेही द्राक्षं, तिथेही ती खुडणारे हात बाहेरून आलेले. १९६५ मध्ये डेलानो गावी आधी फिलिपिनो आणि मागोमाग मेक्सिकन मजूर संपावर गेले, लोकांना सांगितलं की आमची द्राक्षं विकत घेऊ नका, आणि पाच वर्षं चिकाटीने लढून मळेवाल्यांशी करार केला. आपल्याकडे हंगामाला पेठ, हरसूल, सुरगाण्याची कुटुंबं खाली उतरतात, मांडवाच्या कडेला प्लास्टिकची पालं ठोकतात. विरळणी, घड औषधात बुडवायचं डिपिंग, खुडणी. बोटं औषधाने पिवळी पडलेली. युरोपात जाणाऱ्या घडावर डाग चालत नाही. पालात झोपलेल्या पोराच्या अंगावर डासांचे डाग चालतात.

नोव्हेंबर २०२३ मध्ये गारपीट झाली त्यानंतरच्या आठवड्यात मी आणि ताई गिरणाऱ्याला टोमॅटो घ्यायला गेलो होतो. तिथे सकाळी मजुरांचा बाजार भरतो. जीपमधून, टेम्पोतून, काही चालत, माणसं येऊन रस्त्याच्या कडेला थांबतात. डब्याची पिशवी, कडेवर पोर, हातात कात्री. बागाईतदार गाडी लावून उतरतात आणि किती माणसं, कुठलं काम, काय रोज ते ठरतं. त्या दिवशी गर्दी नेहमीपेक्षा जास्त आणि गाड्या कमी. आमच्या गाडीजवळच एक तरणा बागाईतदार उभा होता, डोळे तांबारलेले, झोपला नसावा. फुटलेले मणी काढायला बायका हव्या होत्या त्याला, आणि रोज तो नेहमीपेक्षा पन्नासने कमी सांगत होता. "बाग गेली गं मावशे, सगळी गेली. एवढ्यात भागव," तो म्हणाला. खोटं बोलत नव्हता. समोरची बाई पन्नाशीची, पेठकडची असावी, पदर खोचलेला. म्हणाली, "तुमचा पंचनामा तरी व्हतो, दादा. तलाठी येतो, फोटू काढतो. आमचा आठ दिसांचा रोज बुडाला, त्याचा पंचनामा कोन करतो?" तो काही बोलला नाही, मोबाइल काढून वेळ बघितली. मग म्हणाला, "तीस कमी देतो." ती म्हणाली, "वीस. आन् संध्याकाळी गाडीनं पाड्यावर सोडायचं." बराच वेळ घासाघीस चालली. शेवटी पंचवीसवर तुटलं, गाडी फाट्यापर्यंतच. तिने मागे वळून हाक मारली आणि चौघी-पाच जणी टेम्पोत चढल्या.